कोरं नाव

४ फेब्रुवारी

दादा,

हो. उत्तर पहिल्याच ओळीत लिहून टाकते, म्हणजे वहिनी तुला हे वाचून दाखवत असेल तर तिला शेवटापर्यंत श्वास रोखून बसायला नको. पाहुणीचं नाव मी ठेवते. आत्या झालेय, तर आत्याचं काम करीन, आणि नीट करीन. तू लिहिलंस तसंच: नवं, कुणाचंही नसलेलं, आपल्या घरात आधी कुणी वापरलेलं नाही असं.

तुझं पाकीट बाबांच्याच हातात पडलं. अक्षर वाचता येत नसलं तरी त्यांनी ते लांबूनच ओळखलं. चारही कडांना खळ लावून पाकीट चिकटवणारा माणूस आपल्या लाँड्रीबाहेर दुसरा कोण असणार? दोन वर्षं या घरात तुझा विषय निघाला नाही, आणि त्या दिवशी बाबा इस्त्री उभी करून ठेवून म्हणाले, "वाच. सगळ्यांना ऐकू येईल असं वाच." सगळ्यांना म्हणजे आईला. ती मागे चादरी पिळत होती. तिचे हात थांबले.

मी वाचलं. बोगद्याचं काम, तिथला वारा, फोनला रेंज नसते ते, वहिनीची दवाखान्यातली नोकरी, मग मुलगी झाली, वजन चांगलं आहे, सध्या तिला तुम्ही 'पाहुणी' म्हणता. आई तिथेच ओल्या चादरींवर बसली. म्हणाली, "पाहुणी कशाची? घरची मालकीण ती."

एक वाक्य मात्र मी वाचलं नाही. कुठलं, ते तुला कळेल. 'बाबांनी स्वतःच्या तोंडाने मुलीला तिच्या नावाने हाक मारली पाहिजे, नाहीतर तिला घेऊन आम्ही त्या घराची पायरी चढणार नाही.' मी खोटं बोलले नाही, फक्त एक ओळ डोळ्यांनी ओलांडली. या दोन्हींत किती फरक आहे ते अजून ठरवतेय. पण धमकी ऐकली की बाबा काय करतात हे तू पाहिलंयस. 'लग्न केलंय, तिला आत घेणार की नाही ते आत्ता सांगा' म्हणून तू दारात उभा राहिलास, आणि बाबा काय बोलले? काही नाही. सुई घेऊन तुझ्या शर्टांवरची तुझी टाक्यांची खूण उसवायला बसले. तसं पुन्हा व्हायला नको, म्हणून ती ओळ माझ्याजवळ ठेवली आहे. वेळ आली की देईन.

पत्र संपल्यावर बाबा म्हणाले, "मुलगी ना? मग सोपं आहे. आजीचं नाव रिकामं पडलंय."

"रिकामं पडायला ते काय खोली आहे?" आई म्हणाली.

"चांगलं टिकाऊ नाव आहे. ऐंशी वर्षांवर चाललं, कुठे विरलं नाही."

मी म्हटलं, "बाबा, दादाने नाव मला ठेवायला सांगितलंय."

"का? तू शाळेत गेलीस म्हणून?"

"आत्या आहे म्हणून."

त्यांनी इस्त्री उचलली. एक अख्खी विजार इस्त्री करून झाल्यावर म्हणाले, "ठेव. काय ठेवायचं ते ठेव. ते त्यांच्या घरी. या घरात मी तिला आजीच्या नावानेच हाक मारणार."

म्हणजे कामं दोन आहेत. नाव शोधणं, आणि ते बाबांच्या तोंडी बसवणं. पहिलं मला जमेल. दुसरंही जमवीन. कसं ते आत्ता विचारू नकोस.

तुझी
धाकटी

१७ फेब्रुवारी

दादा, वहिनी,

तुमच्या दोघांच्या नावांची अर्धी-अर्धी जोडून पाहा असं लिहिलंत. पाहिली. तुझं अर्धं आधी घेतलं तर खोकल्याच्या औषधाचं नाव होतं, वहिनीचं आधी घेतलं तर फरशी पुसायच्या साबणाचं. आता यावर भांडू नका.

फोनवरच्या याद्याही चाळल्या. सगळी नावं एकाच साच्यातून काढल्यासारखी. समोर अर्थ दिलेले: राजकन्या, चंद्राचा प्रकाश, देवाची देणगी. एकाच नावाला तीन याद्यांत तीन अर्थ. म्हणजे नाव आधी शिवलं आणि अर्थाचं अस्तर मागून लावलं. मला असलं काही नकोय. नाव नवं असेल तर ते नवं आहे असंच सांगायचं.

म्हणून हाताने बनवतेय. बालवर्ग साडेअकराला सुटला की मी अक्षरांचे पत्ते जमिनीवर मांडून बसते. परवा मोठ्या बाई आत आल्या. मला मांडी घालून 'मि' आणि 'रु' इकडचे तिकडे करताना पाहून म्हणाल्या, "तुम्हाला येत नाही हे नोकरी देताना कळलं असतं तर बरं झालं असतं." मी कारण सांगितलं. तर चष्मा वर करून त्या स्वतःच खाली बसल्या, अर्धा तास उठल्या नाहीत. त्यांनी केलेली सगळी नावं मुख्याध्यापिकेची वाटत होती.

माझ्या तीन परीक्षा आहेत. एक, गच्चीवरून हाक मारून बघायची. दोन, रागावून म्हणून बघायचं, कारण आपल्या घरात नावाचा अर्धा वापर त्यासाठीच होतो. तीन, बालवर्ग. बालवर्ग म्हणजे टोपणनावांचा कारखाना. पहिल्या बाकावरच्या टोळीला नाव नुसतं ऐकवायचं आणि थांबायचं. 'ओरुमी' मला फार आवडलं होतं. मिनिटभरात सगळा वर्ग 'ओरडू मी? ओरडू मी?' करत उठला आणि ओरडलाही. 'रुवेला' औषधवाल्या काकांना सांगितलं, तर म्हणाले, "कितवा डोस?" त्यांना वाटलं मी रुबेलाच्या लशीबद्दल विचारतेय. 'मेलिना' मी स्वतःच बाजूला ठेवलं. त्यातली पहिली दोन अक्षरं आईला ऐकू आली असती.

वहिनी, तू विचारलंयस की एका नावाचा एवढा काथ्याकूट कशाला. दादाने सांगितलं नसेल. तो सांगणार नाही, म्हणून मी सांगते.

आमच्या दुकानात कुणाला वाचता येत नव्हतं. म्हणून बाबांनी प्रत्येक गिऱ्हाइकाला दोऱ्याची खूण दिली. कॉलरच्या आत, चादरीच्या कोपऱ्यात, दिसेल न दिसेल अशी. दोन लाल टाके आणि एक निळा म्हणजे बेकरीवाले. काळा तिरका म्हणजे वकील. गिऱ्हाईक दुसरीकडे राहायला गेलं किंवा वारलं की ती खूण थोडे दिवस पडून राहते, मग नव्या गिऱ्हाइकाला मिळते. बाबा म्हणतात, माणूस जातो, खूण जात नाही. चांगली खूण वाया कशाला घालवायची? मी शिकले, नोकरीला लागले, तरी दुकानात चिठ्ठ्या लावू दिल्या नाहीत. चिठ्ठी पाण्यात विरघळते, टाका नाही. यात ते बरोबर आहेत.

घरातल्या नावांचंही तसंच. माझ्याआधी एक मुलगी झाली होती, दादाच्या पाठची. चालायला लागली होती. तापाने गेली. मग मी झाले. मला तिचे फ्रॉक आले, फ्रॉकवरचे तीन पिवळे टाके आले आणि तिचं नाव आलं. फ्रॉक आखूड झाले तसे सुटले. नाव काही आखूड होत नाही. आईने मला त्या नावाने कधी हाक मारलेली नाही. 'अगं' म्हणते, 'बाळे' म्हणते. शाळेच्या पहिल्या दिवशी बाईंनी हजेरी घेताना ते नाव पुकारलं, तेव्हा कोण उभं राहतंय ते पाहायला मी मागे वळले होते.

मी हे रडगाणं म्हणून लिहीत नाही. माझ्यावर कुणी कमी प्रेम केलं नाही. पण पाहुणीला नाव मिळेल ते कोरं मिळेल, घडीसुद्धा न मोडलेलं. एवढं माझ्या हातात आहे आणि ते मी करणार.

तुमची
धाकटी

६ मार्च

दादा, वहिनी,

सापडलं. रुमिरा.

वहिनी, आता थांब आणि तिच्याकडे बघून एकदा म्हण. मी थांबते.

म्हटलंस? मला माहीत होतं.

गच्चीवरून हाक मारली. शेजारच्या मावशी खिडकीतून डोकावल्या, "कोण हरवलं गं?" मी म्हटलं, "हरवलं नाही, यायचंय." रागावूनही म्हणून पाहिलं. मधला 'मि' असा छान चिमटा काढतो की पोर जागेवर उभी राहील. बालवर्गाने 'रुमिरा, टुमिरा, टमाटा' केलं आणि तिथेच त्यांचं भांडवल संपलं. टमाटा म्हटल्याने कुणाचं आयुष्य बिघडत नाही. स्टँडवरच्या चार भाषा बोलणाऱ्या टॅक्सीवाल्याला विचारलं, त्याच्या एकाही भाषेत याचा वाईट अर्थ नाही. चांगलाही नाही. औषधवाल्या काकांनी असं औषध नाही याची खात्री दिली.

आता बाबा.

रविवारी दुपारी ते फक्त रुमाल घेतात, तेव्हा त्यांचं मन जरा सैल असतं. मी समोर स्टूल ओढून बसले.

"बाबा, नाव ठरलं. रुमिरा."

"काय?"

"रुमिरा."

"म्हणजे काय?"

वहिनी, 'नाव कुठलंही ठरो, पहाट असा अर्थ आहे म्हणून सांगून टाक' ही तुझी सूचना माझ्या जिभेच्या टोकावर होती. सांगितलं असतं तर काम झालं असतं. दुसऱ्या दिवशी त्यांनी प्रत्येक गिऱ्हाइकाला 'आमच्या नातीचं नाव पहाट' म्हणून सांगितलं असतं. पण मग ती मोठी झाल्यावर तिला कळलं असतं की तिच्या बाबतीत तिच्या आत्याने केलेली पहिली गोष्ट म्हणजे थाप. नाही जमलं.

"अर्थ नाही, बाबा. अजून."

"अजून म्हणजे? दात येतात तसा मागून येतो?"

"हो. ती वागेल तसा येईल."

"बिनअर्थाचं नाव म्हणजे बिनखुणेचा कपडा. कुणाचा म्हणून परत द्यायचा?"

"तिचाच. दुसऱ्या कुणाचा नसेल तर चुकणार कसा?"

हे उत्तर मी आदल्या दिवशी तयार केलं होतं आणि मला वाटलं की जिंकले. बाबांनी रुमालाची घडी घातली, पुन्हा मोडली.

"आजीने तुमचं काय वाकडं केलं होतं?" ते म्हणाले. मग इस्त्रीकडे बघत, "मी आईला नावाने थोडीच हाक मारणार होतो? वडील मारायचे, ते गेले. तिच्या बहिणी गेल्या. ते नाव मोठ्याने म्हणणारं आता कुणी राहिलं नाही. मला वाटलं, आता नातीच्या निमित्ताने मला म्हणता येईल."

दादा, हे मी धरलंच नव्हतं. इतके दिवस मला वाटत होतं की बाबा काटकसर करतायत. मी तिथून उठले आणि मागे जाऊन उगाच चिमटे मोजत बसले. आई म्हणाली, "काय झालं?" मी म्हटलं, "काही नाही, बाबा बरोबर आहेत." आई म्हणाली, "ते नेहमीच असतात. म्हणून तर राग येतो."

मला वाईट वाटलं, आणि माझं मत बदललं नाही. दोन्ही लिहिते कारण दोन्ही खरं आहे. त्यांच्या आईचं नाव मोठ्याने म्हणायला त्यांना जागा हवी, हे कबूल. ती जागा म्हणजे तान्ही मुलगी नव्हे.

तुम्ही तिला रुमिरा म्हणायला लागा. इकडचं मी बघते.

धाकटी

१९ मार्च

दादा,

तुझं उत्तर यायच्या आत हे लिहितेय, कारण काल दुकानात जे झालं ते कुणाला तरी सांगायला हवं, आणि ज्यांना सांगावं ती सगळी माणसं तिथेच उभी होती.

कोपऱ्यावरचे घड्याळजी तुला आठवत असतील, तुझं पहिलं घड्याळ ज्यांनी दुरुस्त करून दिलं ते. तू गेलास त्याच वर्षी ते वारले. नंतर काकूंनी आपल्याकडे कपडे टाकणं सोडलं. एकटीचे कितीसे, घरीच धुते म्हणाल्या. मध्ये बरेच दिवस गेले, तेव्हा बाबांनी त्या घराची खूण, दोन हिरवे टाके आणि आडवा पांढरा, नव्या दातांच्या डॉक्टरला दिली. आपल्या नियमाप्रमाणेच. गेल्या आठवड्यात काकूंचं मनगट दुखावलं आणि त्या चादरींचं गाठोडं घेऊन आल्या. ते आईने घेतलं. चादरींवर अर्थात जुनीच खूण. सगळं धुऊन झाल्यावर बाबांनी खुणेप्रमाणे गठ्ठे बांधले. बाबा कपडा बघत नाहीत, खूण बघतात. काकू न्यायला आल्या तेव्हा आईने त्या खुणेचा गठ्ठा काढून दिला. त्यात सगळ्यात वर डॉक्टरचा निळा शर्ट.

काल सकाळी काकू आल्या. शर्टाची घडी आपल्यापेक्षा चांगली घातलेली. काउंटरवर ठेवून म्हणाल्या, "हा आमच्यात आला."

"चुकून आला असेल, द्या इकडे," बाबा म्हणाले.

"चुकून नाही. मी कॉलर उलटी करून पाहिली. खूण यांचीच आहे."

बाबांनी कॉलर उलटून बघितली.

"निळा शर्ट यांच्याकडे नव्हता. मला चांगलं माहीत आहे, नव्हता. तरी म्हटलं, असेल एखादा इथे राहून गेलेला, आपल्यालाच आठवत नसेल. खुर्चीच्या पाठीवर टांगला. दोन दिवस होता." मग त्या स्वतःच हसल्या. "बाह्या लांब निघाल्या."

"काकू, खूण रिकामी होती म्हणून..."

"रिकामी कुठे हो? माझ्या घरातल्या चादरी-चादरीवर आहे. मी भांडायला नाही आले. दुकान तुमचं, नियम तुमचा. फक्त दुसऱ्याला देण्याआधी मला एकदा विचारायचं होतंत."

तेवढ्यात मागून आई आली. हात कोपरापर्यंत ओले. "मलाही विचारलं नव्हतं," ती म्हणाली.

बाबांना वाटलं ती दुकानाचं बोलतेय. "तुला काय विचारायचं? खुणा पहिल्यापासून मीच देतो."

"खुणेचं नाही म्हणत मी. ही झाली तेव्हाचं म्हणतेय." तिने ओल्या हाताने माझ्याकडे दाखवलं. "मी अजून अंथरुणातून उठले नव्हते आणि तुम्ही बाहेर सगळ्यांना नाव सांगूनसुद्धा आलात. मला शेजारणीकडून कळलं. पोर चोवीस वर्षांची झाली, मी हाक मारायला तोंड उघडते आणि दुसरीच समोर येते."

बाबांनी असं काही केलं जे मी कधी पाहिलं नव्हतं: इस्त्री कपड्यावर तशीच टेकवून ते टेबलापासून लांब गेले. मलाच धावत जाऊन ती उभी करावी लागली. काकू आईला बाकावर घेऊन बसल्या. त्या दोघी काय बोलल्या ते मी ऐकलं नाही. ऐकू येत होतं, पण मी ऐकलं नाही.

दुपारी बाबांनी मला डॉक्टरकडे पाठवलं. सगळे कपडे घेऊन या म्हणावं, धुवायचे नाहीत, नुसते आणा. बिचारा दोन पिशव्या घेऊन आला. "काही साथ वगैरे आलीय का?" मला हळूच विचारलं. बाबांनी जांभळा दोरा आणायला लावला. तो रंग आपल्या दुकानात कधीच नव्हता. मग एकेक कॉलर उसवून नवी खूण घालत बसले. मी सुईत दोरा ओवून देत होते. मध्येच त्यांनी आजीचं नाव घेतलं. पूर्ण नाव, मोठ्याने, कुणालाही उद्देशून नाही. मग पुढची कॉलर घेतली.

रुमिराचं नाव काढायला हीच वेळ होती. मी काढलं नाही. दुसऱ्याच्या निखाऱ्यावर आपली इस्त्री तापवू नये. घाई करू नकोस, दादा. हे होणार आहे. मला दिसतंय.

धाकटी

२८ मार्च

दादा, वहिनी,

बाबा म्हणाले.

कसं म्हणाले ते जसंच्या तसं लिहिते, कारण तू मागच्या पत्रात लिहिलंस की दुसऱ्या कुणाच्या सांगण्यावर विश्वास ठेवला नसता, पण मी लिहीन ते खरं धरशील. त्या वाक्याचं मला ओझं झालं होतं, म्हणून आधी जे झालं पण मी धरलं नाही, ते सांगते. गेला आठवडाभर ते घरात 'त्याची मुलगी' म्हणत होते. एकदा 'रमिला' म्हणाले. एकदा नुसतंच 'रुमी' म्हणून खोकले. मोरीचं दार लावून काहीतरी पुटपुटत होते तेही ऐकलं, पण मला नीट लागलं नाही, म्हणून तेही धरलं नाही.

परवा आई जुन्या मऊ चादरी फाडून पोरीसाठी दुपटी शिवत होती. शिवून झालेली मी इतर कपड्यांबरोबर खळीच्या पाण्यात टाकायला निघाले, तर पुढून बाबा ओरडले, "अगं, रुमिराच्या दुपट्यांना खळ नको! टोचेल तिला!"

एवढंच. मारली ती हाक नव्हे, मला दिलेला दम होता. पण नाव पूर्ण होतं, अक्षर न अक्षर, आणि ते माझ्याशी नव्हे, कामाशी बोलत होते. बाबा खोटं बोलू शकतात तेव्हा ते माणसांशी बोलत असतात. कपड्यांच्या बाबतीत त्यांनी कधी खोटं बोललेलं मी ऐकलं नाही. आईने मशीन थांबवलं. माझ्या हातून दुपटी जमिनीवर पडली, तर त्यावरूनही ओरडले.

संध्याकाळी मी तुझं पहिलं पत्र काढून त्यांना ती राहिलेली ओळ वाचून दाखवली.

"हे तेव्हा का वाचलं नाहीस?"

"वाचलं असतं तर तुम्ही म्हणाला असता का?"

त्यांनी खराच विचार केला. "नसतो म्हणालो."

"मग?"

"मग काय मग? शिकून हेच शिकलीस, बापाला अर्धंच पत्र वाचून दाखवायला." पण रागावले नव्हते. पुढे म्हणाले, "त्याला लिही, मुलीला घेऊन ये. सुनेला पण म्हण. पायरी-बियरी काही नाही म्हणावं, दुकानाला उंबरठाच आहे."

इथे हे पत्र संपायला हवं होतं. पण आणखी एक झालं.

जेवणं झाल्यावर बाबा गच्चीवर आले. मी दोरीवरचे कपडे काढत होते. ते बराच वेळ चिमटे डब्यात टाकत राहिले, मग म्हणाले, "तुझ्या त्या पत्त्यांतून तुझ्यासाठीपण एखादं बघ."

मला आधी समजलंच नाही.

"नाव. तुला हवं असेल तर. कोरं. मी म्हणेन. आईला पण सोपं जाईल."

दादा, असं कुणी विचारेल असं मला जन्मात वाटलं नव्हतं. लहानपणी मी कितीतरी नावं जमवून ठेवली होती. मी म्हटलं, उद्या सांगते. तुला माझा स्वभाव ठाऊक आहे, वाटाणे निवडायचे तरी दोनदा निवडते. रात्री अंथरुणात एकेक नाव अंगाला लावून पाहिलं. चांगली होती. त्यातल्या कुठल्याही नावाने मला हाक मारली असती तर मी मागे वळून पाहिलं असतं, कोण उभं राहतंय ते.

सकाळी शटर उघडताना त्यांना सांगितलं, "नको, बाबा. आहे ते राहू दे."

"माझ्या भिडेने म्हणू नकोस."

"नाही. वर्गात पहिल्या दिवशी फळ्यावर मीच ते लिहिते. पोरं ते ओरडत रस्त्याने माझ्या मागे येतात. त्यांना दुसरी कुणी ठाऊक नाही. ते आता माझ्याच मापाचं झालंय."

"आणि तिचं?"

"तिचंही आहे. काढून थोडंच घेतलंय मी? दोघींना पुरतंय."

ते मागे जाऊन आईला सांगून आले. आईने ऐकलं आणि बादली भरायला घेतली, नेहमीसारखी. मी शाळेत निघाले तेव्हा म्हणाली, "अगं, डबा." तिला जमेल तेव्हा जमेल. न जमलं तरी डब्यावर माझं भागतं.

तुम्ही येत्या शनिवारी निघा. वहिनी, थंडीचे कपडे आणू नकोस, इथे उकडतं. स्टँडवर मी येईन. बाबा म्हणतात त्यांना काही यायला जमणार नाही, शनिवारी गिऱ्हाइकांची गर्दी असते. आज सकाळी मात्र त्यांनी माझ्याकडून एका पुठ्ठ्यावर मोठ्या अक्षरांत लिहून घेतलं, 'शनिवारी दुकान बंद'. कशासाठी ते मला सांगितलेलं नाही, आणि मीही विचारलेलं नाही.

तुमची,
रुमिराची आत्या